भूदानात दिलेल्या बारा एकरांचा माग

आमच्या घरात एक गोष्ट अभिमानानं सांगितली जाते: आजोबांनी विनोबांच्या भूदानात, म्हणजे भूमिहीनांसाठी जमीन मागणाऱ्या चळवळीत, बारा एकर दिले. वर्धा जिल्ह्यातलं आमचं गाव. १९५१ मध्ये मालगुजारी, म्हणजे आमच्याकडची जमीनदारी, गेली, तरी घरच्या शेतीचे मोठे तुकडे हातात राहिले होते. त्यानंतर काही वर्षांनी भूदानाचे कार्यकर्ते पायी गावात आले, वाड्यासमोर सभा झाली आणि आजोबांनी उभं राहून आकडा सांगितला. जमीनधारणेवर मर्यादा घालणारा सीलिंगचा कायदा १९६१ चा, तेव्हा ही जमीन कायद्याच्या धाकानं गेलेली नाही, हेही घरात आवर्जून सांगतात. पण ते बारा एकर कुणाला मिळाले, आज तिथं कोण पेरतं, हे कुणी सांगत नसे. गोष्ट दानापाशी येऊन थांबायची.

ती पुढं सरकली गावातल्या एका तरुणाच्या फोनमुळे.

"ताई, सातबाऱ्यावर अजून माह्या आज्याचंच नाव हाये. आजा गेला, बाप बी गेला. ब्यांकवाला म्हणते, नाव चढवा, मंग पीककर्ज. हापिसात म्हणते, जमीन भूदानाची हाये, जुने कागद आणा. तुमच्या घरी काई असन त पाहा ना."

मी नागपुरात समाजशास्त्र शिकवते. आदर्श समाजाच्या कल्पना, त्यांच्यावरच्या कादंबऱ्या, त्यातून उभ्या राहिलेल्या वसाहती आणि त्यांची मोडतोड हा माझ्या शिकवण्यातला सगळ्यात जवळचा भाग. भूदान त्यात दरवर्षी येतंच. १८ एप्रिल १९५१ ला तेलंगणातल्या पोचमपल्लीत विनोबांनी दलित वस्तीला विचारलं, तुम्हाला काय हवं. त्यांनी ऐंशी एकर जमीन मागितली. सभेतून रामचंद्र रेड्डी उठले आणि म्हणाले, मी शंभर एकर देतो. त्या भागात तेव्हा जमिनीवरून सशस्त्र लढा पेटलेला होता, माणसं मरत होती. अशा ठिकाणी नुसती मागून जमीन मिळते, हेच कुणाला खरं वाटलं नसतं. तिथून विनोबा तेरा वर्षं देशभर चालत राहिले. तुम्हाला पाच मुलगे असतील तर मला सहावा समजा आणि माझा वाटा द्या, असं ते मागायचे. 'दानं संविभागः' हे शंकराचार्यांचं वचन ते सांगायचे. त्यांच्या लेखी दान म्हणजे सारखं वाटून घेणं, उपकार नव्हे. १९५७ पर्यंत ५ कोटी एकर मिळवायची, असा त्यांचा संकल्प होता.

कुठल्याही कादंबरीतल्या आदर्श नगरीपेक्षा हे मला मोठं वाटतं, आजही. कारण इथं खऱ्या माणसांनी खऱ्या जमिनी दिल्या. ४० लाख एकरांहून जास्त जमीन कागदावर मिळाली. त्यातली बरीच खडकाळ, जंगलातली किंवा कोर्टकज्ज्यातली निघाली, आणि मोठा हिस्सा भूमिहीनांपर्यंत कधी पोचलाच नाही. हे आकडे मी अनेक वर्षं सांगत आले होते. आता त्यातले बारा एकर माझ्या दारात आले होते.

आधी ऑनलाइन सातबारे काढले. तरुणाच्या आजोबांच्या नावावर १.६२ हेक्टर, म्हणजे चार एकर. भोगवटादार वर्ग २, म्हणजे मोकळेपणानं विकता न येणारी जमीन, आणि इतर अधिकारात भूदानाचा शेरा. म्हणजे बारातले चार एकर तरी जागेवर होते. उरलेल्या आठांसाठी जुने खसरा नंबर, म्हणजे शेताच्या तुकड्यांचे जुने क्रमांक, हवे होते, कारण सातबाऱ्यावरचे आताचे भूमापन क्रमांक वेगळे आहेत. त्यासाठी तालुक्याच्या अभिलेख कक्षात नकलेचा अर्ज केला, कोर्ट फी स्टॅम्प लावला आणि थांबले.

अशा कचेऱ्यांत थांबावं फार लागतं. मी पिशवीत पुस्तकं ठेवायला लागले. वर्गात शिकवताना जी पुस्तकं मी कल्पनांसाठी वाचत असे, ती तिथं बाकावर बसून कामांसाठी वाचू लागले. हा समाज चालतो म्हणता, तर मग नांगर कोण धरतं, दप्तर कोण ठेवतं? इंग्रज लेखक थॉमस मोरनं १५१६ मध्ये 'युटोपिया'त रंगवलेल्या बेटावर खासगी मालमत्ता नाही, दर दहा वर्षांनी घरं चिठ्ठ्या टाकून बदलतात आणि सगळ्यांना सहाच तास काम. पण जनावरं कापणं, स्वयंपाकघरातली घाण आणि कष्टाची कामं तिथंही गुलामांकडे आहेत. पूर्वी मी हा भाग 'त्या काळाच्या मर्यादा' म्हणून सांगत असे. अभिलेख कक्षात बसल्यावर वाटलं, मर्यादा काळाची नाही. आदर्शाचं चित्र काढताना त्यातली रोजची जड कामं कुणीतरी करून टाकेल, असं गृहीत धरलं जातं. मोरनं निदान ती कोण करतं हे लिहून तरी ठेवलं.

बस्ता सापडला. लाल कापड, आत पिवळे, कडांना चुरा झालेले कागद. जमिनीच्या मालकीतले बदल नोंदवायच्या फेरफार रजिस्टरात एका पानावर आजोबांच्या दानाची नोंद होती. तीन खसरे, तीन माणसांना चार-चार एकर. दोन आडनावं आजही गावच्या खालच्या वस्तीत आहेत, तिसरं घर उठून गेलंय. एका नोंदीखाली अधिकाऱ्याची सही होती. बाकीच्या दोन नोंदींचा शेवटचा रकाना कोरा होता. अभिलेखपालांनी बोट ठेवून दाखवलं: "मॅडम, ही नोंद धरली गेली, पण प्रमाणित झालीच नाही. म्हणजे सातबाऱ्यावर आलीच नाही."

दान दिलं, जमीन मिळाल्याचे पट्टे वाटले, टाळ्या वाजल्या, आणि एका सहीसाठी आठ एकर होते तिथंच राहिले.

त्या दोन खसऱ्यांचे आजचे क्रमांक जुळवून सातबारे काढले. एक तुकडा सत्तरच्या दशकात पाझर तलावात गेला होता. त्याचा मोबदला ज्याचं नाव कागदावर होतं त्याला, म्हणजे आमच्याच घराला, मिळाल्याचं दिसत होतं. दुसऱ्या तुकड्यावर आजोबांचं नाव, त्यांच्या पश्चात मुलांची नावं, वडील गेल्यावर लागलेली आमची नावं. त्या यादीत खालून तिसरं नाव माझं होतं. आजोबांनी देऊन टाकलेल्या जमिनीची कागदोपत्री मी मालक होते. त्या बाकावर मला एवढं उदास वाटलं की नक्कल हातात घेऊन बराच वेळ मी उठले नाही.

गावी गेले तेव्हा तो तरुण बस स्टँडवर घ्यायला आला. त्याची आजी अजून आहे. पट्टा मिळाला तेव्हा ती या घरात नुकती लग्न होऊन आलेली होती. आता पाठ पूर्ण वाकलीय, पण बोलणं खणखणीत. तिनं ट्रंकेतून पट्टा काढला. चौपदरी घडी, घडीच्या रेघांवर फाटलेला, मागून कुणीतरी पोथीला लावतात तसा पातळ कागद चिकटवलेला. वर भूदान यज्ञ मंडळाचा जांभळा शिक्का, खाली चतुःसीमा: पूर्वेस नाला, पश्चिमेस मालकाचं वावर. जमिनीच्या प्रतीपुढं एकच शब्द: बरड, म्हणजे खडकाळ, हलकी. उजव्या कोपऱ्यात अंगठा.

"वावर भेटलं तवा आमच्यापाशी कुदळ होती, बैल नोयते," आजी म्हणाली. "पयल्या साली ज्वारी हातानं डोबली. गोटे येचता येचता किती उनाळे गेले. तुमच्या आज्यानं वावर देल्लं, बापा, नाई म्हणत नाई मी. पण बैल मागाले गेलो त मालकाचा दिवाण म्हणे, आमची वाही झाल्यावर न्या. त्यायची वाही होयेपर्यंत मिरग निंगून जाये."

मग ती आम्हाला वावरात घेऊन गेली, म्हणजे आम्ही तिला मोटारसायकलवर बसवून नेलं. धुऱ्यावर अजून ते गोटे रचलेले आहेत. कमरेएवढा उंच, चार-पाच हात रुंद असा बांध, नाल्यापासून थेट वरच्या टोकापर्यंत. खालचे मोठे धोंडे मातीत रुतलेत, वरचे लहान. एका जागी तो बांध वाकडा झालाय. तिथं एक मोठा खडक होता, तो हलला नाही म्हणून त्याला वळसा घालून पुढं रचत नेला, असं तिनं सांगितलं. आत तूर आणि कापूस उभा होता. बरडात सगळ्या घरानं गोटे वेचून, शेणखत टाकून केलेली ती जमीन आहे. पट्ट्यावर तिला अजून बरड म्हटलंय, पण आता ती बरड राहिलेली नाही.

दुसरं घर मात्र टिकलं नाही. त्यांच्याकडे तर कुदळीला हात लावणारी माणसंही कमी होती, बाप आजारी, पोरं लहान. दोन हंगाम त्यांनी रेटले आणि तिसऱ्या वर्षी ते आमच्याच वाड्यावर सालदार, म्हणजे वर्षाच्या बोलीवरचे गडी, म्हणून परत आले. जमीन पडीक पडली, मग आमच्या घरच्या बैलांनी ती वाहायला घेतली. आज माझा चुलतभाऊ तिथं सोयाबीन पेरतो.

हे ऐकून मी काकांकडे गेले. ते आता नव्वदीच्या उंबऱ्यावर आहेत. चिडतील असं वाटलं होतं, पण ते शांतपणे म्हणाले, "अगं, त्यांनीच आणून दिली ती. बैल नव्हते, बी नव्हतं. म्हणाले, मालक, तुम्हीच वाहा आणि आम्हाला सालदारीवर ठेवा. मग काय पडीक ठेवायची? आम्ही हिसकावली नाही कुणाची."

ते खरं सांगत होते. मला त्याचंच वाईट वाटलं. कुणी हिसकावली असती तर बोट दाखवायला कुणीतरी मिळालं असतं. इथं सगळे आपापल्या परीनं सरळ वागले आणि तरी जमीन जिथून निघाली तिथंच परत आली. ज्याच्याकडे बैल, बी आणि दोन वर्षं थांबण्याची ऐपत होती त्याच्याकडे ती गेली. त्यासाठी वाईट माणूस लागलाच नाही.

ऑर्वेलच्या १९४५ च्या 'ॲनिमल फार्म' या प्राण्यांच्या गोष्टीबद्दल बोलताना सगळ्यांना शेवट आठवतो, डुकरं दोन पायांवर चालतात तो. पण घसरण फार आधी, पहिल्याच दिवशी सुरू होते. शेताचा मालक माणूस हाकलून लावल्यावर गाईंचं दूध काढतात, पाच बादल्या भरतात, प्राणी गवत कापायला जातात आणि परत येतात तो दूध गायब. पुढं सफरचंदांचंही तसंच होतं. ऑर्वेलनं एका पत्रात लिहून ठेवलंय की गोष्टीचं वळण त्याला तिथंच अभिप्रेत होतं. बाकीच्या प्राण्यांनी तेव्हाच पाय रोवायला हवे होते. आमच्या गावात तसं वळण बैलांच्या वेळी आलं होतं. बैल आधी कुणाच्या वावरात जातील, हा प्रश्न सभेत कुणी विचारला असता तर त्या बारा एकरांचं नशीब वेगळं झालं असतं, असं मला मनापासून वाटतं. पण तो विचारायचा कुणी? पट्टेवाला मालकाच्या दिवाणासमोर उभं राहून बोलेल, असा तो काळ नव्हता. आणि कार्यकर्ते पुढच्या गावाला गेले होते.

कार्यकर्ते कुठं गेले, याचं उत्तर मात्र इतिहासात आहे आणि ते मला नेहमी अस्वस्थ करतं. १९५६ च्या अखेरीस विनोबांनी तंत्रमुक्ती आणि निधिमुक्ती जाहीर केली. गांधी स्मारक निधीतून येणारा पैसा थांबवला, जिल्ह्याजिल्ह्यांतल्या भूदान समित्या विसर्जित केल्या. चळवळ संस्थेच्या आणि पैशाच्या आधारानं चालली तर ती सत्ता होऊन बसेल, ती लोकांच्या अंगावर पडली पाहिजे, असा त्यामागचा विचार होता. तो विचार उथळ नव्हता. अमेरिकन लेखिका अर्सुला ले ग्विननं १९७४ मध्ये लिहिलेल्या कादंबरीत नेमकी हीच भीती आहे. ॲनारेस नावाच्या चंद्रावर सरकार नाही, कायदा नाही, मालकी नाही. तरी दीडशेहून जास्त वर्षांत तिथं समित्या घट्ट होतात, वरचढ शास्त्रज्ञ धाकट्याचं संशोधन अडवतो, वेगळं नाटक लिहिणारा मित्र वेड्यांच्या इस्पितळात पोचतो. हुकूम कुणीच देत नाही, शेजाऱ्यांची नजरच पुरते. विनोबांना हे आधीच दिसलं होतं, असं मी समजते.

पण समित्या गेल्या त्याच सुमारास आमच्या गावच्या दोन नोंदी सहीविना पडून होत्या. बैल मागायला गेलेल्या माणसाच्या बाजूनं दिवाणाशी बोलणारं कुणी नव्हतं. संस्था सत्ता बनते, हे खरं आहे. संस्था नसली की आधीची सत्ता जागच्या जागी राहते, हेही तितकंच खरं आहे, आणि भूदानाची किंमत या दुसऱ्या खरेपणानं वसूल केली. विनोबांबद्दल माझा आदर यानं कमी झाला नाही. त्यांनी मागितलं म्हणून आजीच्या घरी चार एकर आले, दुसऱ्या कुणी आणून दिले नसते. पण माणसाचं मन बदललं की पुढची व्यवस्था आपोआप होईल, हा भरवसा मला आता ठेवता येत नाही.

अमेरिकन कादंबरीकार हॉथॉर्नचं उदाहरण मी आजीच्या शब्दांमुळे पुन्हा काढून वाचलं. १८४१ मध्ये बोस्टनजवळच्या ब्रुक फार्ममध्ये तो मोठ्या उमेदीनं राहायला गेला. शेतात सगळ्यांनी काम करायचं, उरलेल्या वेळात वाचायचं, लिहायचं, असा बेत. त्यानं स्वतःचे पैसेही त्यात घातले. वाट्याला आलं खत उपसणं. वसाहतीचे संस्थापक रिप्ली त्या ढिगाला सोन्याची खाण म्हणायचे. काही महिन्यांत हॉथॉर्न पत्रांत लिहू लागला की या ढिगाखाली आपला आत्मा गाडला जाईल, आणि वर्ष सरायच्या आत तो निघून गेला. वसाहत १८४७ मध्ये बंद पडली. १८५२ मध्ये त्यानं त्या अनुभवावर कादंबरी लिहिली. तो निघून जाऊ शकला, कारण त्याच्यापाशी जायला जागा होती आणि हातात लेखणी होती. आजीचं घर गोटे वेचत राहिलं, कारण त्यांना दुसरीकडे जायला जागा नव्हती. आदर्शांच्या अपयशाचा इतिहास बहुधा निघून जाऊ शकलेल्यांनी लिहिलाय. जे राहिले त्यांनी काय केलं, हे त्या इतिहासात फार थोडं येतं.

इकडे वारस नोंदीचं काम चालू होतं. अर्जासोबत मृत्यूचे दाखले, वारसांचं प्रतिज्ञापत्र, पट्ट्याची प्रत आणि जुन्या फेरफाराची नक्कल जोडली. कुणी म्हणालं भूदान मंडळाची ना-हरकत लागेल, कुणी म्हणालं वारसाला कशाला लागते. हे भिजत घोंगडं बरेच दिवस राहिलं. भूदानाची जमीन विकता येत नाही, पण वारसाकडे जाते; आणि विदर्भात भूदानाचा कायदा जुन्या मध्य प्रदेशचा, १९५३ चा. कारण तेव्हा विदर्भ त्या राज्यात होता. तो कायदा छापून नेऊन दाखवावा लागला. मंडळ अधिकारी तरुण होत्या, नव्यानं आलेल्या. त्यांनी कायदा शांतपणे वाचला आणि म्हणाल्या, "हे हस्तांतरण नाही, वारसा आहे. मी नोंद धरायला सांगते."

मग दुसरीच अडचण निघाली. प्रतिज्ञापत्रात तरुणानं स्वतःचं, भावाचं आणि काकाचं नाव घातलं होतं. आजीचं नव्हतं, दोन आत्यांचंही नव्हतं. त्याच्या मनात खोट नव्हती; गावात असंच करतात आणि आत्यांकडून नंतर हक्कसोड घेतात. अधिकारी बाईंनी अर्ज परत केला. सगळे वारस लिहा म्हणाल्या. घरी गेल्यावर यावर आजीनं जे सांगितलं ते मी तसंच लिहिते: "गोटे येचाले पोरी नोयत्या का? धाकटीच्या बोटाचं नख तवापासून वाकडं हाये. तिचं नाव टाक." आत्यांना फोन गेले. त्या दोघी आधार कार्ड घेऊन एसटीनं आल्या.

पट्टा देताना तो घरातल्या पुरुषाच्या नावानं दिला गेला होता. बहुतेक ठिकाणी तेच झालं. समतेची एवढी मोठी चळवळ, पण आजीच्या घरच्या पट्ट्यावर बाईच्या नावाला जागा नव्हती. वारस नोंदीच्या कंटाळवाण्या नियमानं ती चूक इतक्या वर्षांनी दुरुस्त केली. नोटिशीची मुदत गेली, हरकत आली नाही, फेरफार प्रमाणित झाला. सातबाऱ्यावर सगळ्यात वर आजीचं नाव आलं. पीककर्जाचा अर्ज त्यानंतर त्या तरुणानं स्वतःच भरला, मला विचारावंही लागलं नाही.

राहिला तो दुसरा तुकडा, ज्यावर माझं नाव आहे.

याच काळात मी गडचिरोलीत मेंढा-लेखाला जाऊन आले. 'दिल्ली-मुंबईत आमचं सरकार, आमच्या गावात आम्हीच सरकार' ही तिथली घोषणा महाराष्ट्राला ठाऊक आहे. २००९ मध्ये या गोंड गावाला सुमारे १८०० हेक्टर जंगलावरचा सामूहिक हक्क मिळाला, आणि २०१३ मध्ये गावानं आपल्या जमिनी ग्रामदानात, म्हणजे गावाच्या सामूहिक मालकीत, दिल्या. विनोबांच्या हयातीत कागदावर झालेली कितीतरी ग्रामदानं विरून गेली, आणि हे गाव एवढ्या वर्षांनी त्याच कल्पनेकडे स्वतःहून गेलं. मला जाणून घ्यायची होती ती त्यांची रीत. निर्णय बहुमतानं नाही, सर्वसहमतीनं घेतात. एकाचा जरी विरोध असला तरी विषय पुढच्या सभेला जातो. निर्णयाच्या आधी अभ्यासगट बसतो, त्यात कायद्याची कलमंसुद्धा गावकरी वाचतात. याला वेळ फार लागतो. बाहेरून येणाऱ्याला ते संथ वाटतं. मला ते पाहून भरून आलं, कारण आमच्या गावाला दानाच्या दुसऱ्या दिवसापासून हवं होतं ते हेच: समोरासमोर बसायची जागा, जिथं सालदार आणि मालक एकाच सतरंजीवर असतील आणि बैलांचा क्रम तिथं ठरेल. तिथंही सगळं आलबेल असेल असं मी म्हणत नाही. पण प्रश्न मांडायला तिथं जागा आहे.

परत आल्यावर चुलतभावाशी बोलले. तो भांडला. खत, विहिरीची पाइपलाइन, तारेचं कुंपण, सगळा खर्च त्यानं केलाय, आणि तो खोटा नाही. दुसरीकडे त्या पट्टेदाराचे नातू बुटीबोरीच्या कारखान्यांत कंत्राटी कामाला आहेत. त्यांना शेती करायची नाही. थोरला म्हणाला, "ताई, आता चार एकर घेऊन काय करू? नांगर धरता येत नाही मले." त्याची बायको मात्र म्हणाली, नावावर तर येऊ द्या, पेरायचं आम्ही पाहू, माझ्या माहेरी बायांचा गट मिळून शेती करते. या घरात जमिनीबद्दल पहिल्यांदा कुणी पुढचं काही बोललं, आणि ती बोलली.

मी तहसीलदारांकडे लेखी जबाब दिला आहे: ही जमीन आमच्या आजोबांनी दान दिलेली आहे, दानपत्र आणि न झालेल्या फेरफाराची नक्कल सोबत जोडली आहे, माझ्या हिश्शापुरतं नाव कमी करावं आणि मूळ पट्टेदाराच्या वारसांची नोंद घ्यावी. माझ्या बहिणीनंही सही केली. काकांनी दोन दिवस कागद उशाशी ठेवला आणि तिसऱ्या दिवशी सही केली. चुलतभावानं केलेली नाही. त्यानं पाइपलाइनचा खर्च मागितलाय, आणि तो द्यावा असं माझं मत आहे. बहिणीशी बोलून आम्ही दोघी तो वाटून घेऊ. पाझर तलावाच्या मोबदल्याचं काय करायचं हे अजून घरात ठरलेलं नाही. ते तिसरं घर कुठं गेलं याचा शोध मी चालू ठेवलाय. एकानं हिंगणघाटचा पत्ता सुचवलाय.

सुनावणीची तारीख पुढच्या महिन्यात आहे. मी, पट्टेदाराच्या घरातली ती थोरली सून आणि चुलतभाऊ असे तिघं एकाच गाडीतून जाणार आहोत. गाडी चुलतभावाची आहे. त्यानंच फोन करून सांगितलं, एसटीनं नका येऊ, मी नेतो.